त्रुटी कोणाची, योजन कोणाचे?

धागा लांबणार आहे. सवड काढून वाचा.

दर दोन-तीन महिन्यांनी एक चित्र फिरत फिरत माझ्यापर्यंत येते. काळ्या पार्श्वभूमीवर सोनेरी अक्षरे, वर ध्यानस्थ ऋषी, खाली आकाशगंगा. मजकूर ठरलेला: आपल्या पूर्वजांनी सेकंदाचा ३३,७५० वा भाग ‘त्रुटी’ या नावाने मोजला होता, प्रकाशाचा वेग त्यांना ठाऊक होता, आणि जगाला हे सारे पुढे अनेक शतकांनी कळले. चित्र पाठवणारे बहुधा सज्जन असतात. माझे मामाही पाठवतात. मी चोपड्याची, इतिहासाची पदव्युत्तर विद्यार्थिनी. त्यामुळे चित्रासोबत एक प्रश्नही येतो, ‘तुम्हाला हे शिकवतात की नाही?’

नाही शिकवत, कारण ते तसे नाही. पण ‘हे खोटे आहे’ एवढे म्हणून थांबणाऱ्यांशीही माझे भांडण आहे. काळ आणि लांबी मोजण्याचा जो खरा इतिहास आपल्या पायाखाली आहे, तो त्या चित्राहून फार थोर आहे, आणि चित्र पाठवणारे व चित्राची टिंगल करणारे दोघेही त्यावरून तसेच पुढे चालत जातात.

आधी त्रुटीचा हिशेब पुरा करू. ३३,७५० हा आकडा हवेतून आलेला नाही. भास्कराचार्यांच्या ‘सिद्धान्तशिरोमणी’त (शके १०७२, म्हणजे इ. स. ११५०) कालमानाचे कोष्टक आहे. अहोरात्राचे ३० क्षण, एका क्षणाच्या २ घटिका, घटिकेच्या ३० कला, कलेच्या ३० काष्ठा, काष्ठेचे १८ निमेष, निमेषाचे ३० तत्पर, तत्पराच्या १०० त्रुटी. गुणाकार करून पाहा. त्रुटी खरोखरच सेकंदाचा ३३,७५० वा भाग येते.

आता कौटिल्याचे ‘अर्थशास्त्र’ उघडा. तिथे दोन त्रुटींचा एक लव, दोन लवांचा निमेष, पाच निमेषांची काष्ठा, तीस काष्ठांची कला आणि चाळीस कलांची नालिका, म्हणजेच आपली घटिका. या हिशेबाने त्रुटी येते ०.०६ सेकंद. भास्कराचार्यांच्या त्रुटीहून २,०२५ पट मोठी. मग भागवत पुराण घ्या: शंभर त्रुटींचा वेध, तीन वेधांचा लव, तीन लवांचा निमेष, तीन निमेषांचा क्षण, पाच क्षणांची काष्ठा, पंधरा काष्ठांचे लघू, पंधरा लघूंची नाडिका. इथली त्रुटी भास्कराचार्यांच्या त्रुटीच्या बरोबर सोळा पट. शब्द एक, मापे तीन. मग ‘आपल्या पूर्वजांनी’ त्रुटी मोजली, तर ती कोणत्या पूर्वजाची?

आणि ‘मोजली’ हे क्रियापद तर सर्वांत चुकीचे. विभागणे आणि मोजणे यांत फरक आहे. कागदावर मी भाकरीचे एक लाख भाग करू शकते. ताटात वाढू शकत नाही. हा फरक त्या जुन्या ज्योतिषांना चित्र बनवणाऱ्यापेक्षा चांगला कळत होता. ‘सूर्यसिद्धान्ता’त काळाचे सरळ दोन वर्ग केले आहेत: प्राणापासून पुढचा तो ‘मूर्त’, आणि त्रुटी वगैरे सूक्ष्म भाग तो ‘अमूर्त’. ज्यांच्या नावाने आपण छाती फुगवतो, त्यांनीच लिहून ठेवले आहे की त्रुटी ही व्यवहारातल्या काळात धरायची नाही. यापेक्षा स्पष्ट खुलासा कोणता हवा?

अभिमान बाळगायचाच तर त्या ‘प्राणा’चा बाळगा. प्राण म्हणजे दहा गुरू अक्षरे उच्चारण्यास लागणारा वेळ, आजच्या हिशेबाने ४ सेकंद. सहा प्राणांचे एक पळ, साठ पळांची घटिका, साठ घटिकांचे अहोरात्र. म्हणजे दिवसाचे प्राण झाले २१,६००. आणि वर्तुळाचे अंश ३६०, प्रत्येकाच्या ६० कला, म्हणून वर्तुळाच्या कलाही २१,६००. आकाशाचा गोल एका प्राणात बरोबर एक कला फिरतो. माणसाचा श्वास आणि नक्षत्रांची फेरी एकाच कोष्टकात बसवण्याची ही युक्ती पहिल्यांदा समजली तेव्हा मी वही मिटून गच्चीवर जाऊन बसले होते. यात चमत्कार काहीही नाही, उत्तम रचना आहे.

प्रकाशाच्या वेगाचेही तसेच. चौदाव्या शतकातील सायणाचार्यांच्या ऋग्वेदभाष्यात सूर्याच्या संदर्भात अर्ध्या निमेषात २,२०२ योजने असा उल्लेख आहे, तो घेऊन हा खेळ मांडला जातो. पण निमेष किती? भास्कराचार्यांचा ०.०९ सेकंदाच्या आसपास, कौटिल्याचा ०.२४, भागवताचा ०.४३. आणि योजन किती? ‘लीलावती’प्रमाणे चार हातांचा दंड, दोन हजार दंडांचा क्रोश, चार क्रोशांचे योजन. हात ४५ सेंटिमीटर धरला तर हे योजन १४.४ किलोमीटर. अर्थशास्त्राच्या एका पाठानुसार कोस हजार धनुष्यांचाच, तेव्हा योजन निम्मे, ७.२ किलोमीटर. आता लहान योजन आणि मोठा निमेष घ्या: उत्तर सेकंदाला साधारण ७४ हजार किलोमीटर. मोठे योजन आणि लहान निमेष घ्या: ७ लाख १३ हजार. खरा वेग आहे सुमारे ३ लाख. या दोन टोकांच्या मध्ये हवे ते उत्तर मिळेल, फक्त कोणते योजन आणि कोणता निमेष घ्यायचा हे उत्तर आधी बघून ठरवायचे. आमच्या शाळेत याला पाठीमागची उत्तरे पाहून गणित सोडवणे म्हणत आणि त्यासाठी छडी मिळे.

अजून एक गंमत. भास्कराचार्यांनी पृथ्वीचा परीघ ४,९६७ योजने दिला आहे. लीलावतीचे १४.४ किलोमीटरचे योजन लावले तर पृथ्वी ७१ हजार किलोमीटरांची होते. प्रत्यक्षात ती ४० हजार. उलट प्रत्यक्ष परीघ धरून चाललो तर योजन सुमारे ८ किलोमीटर ठरते. म्हणजे एकाच ग्रंथकाराच्या दोन ग्रंथांतले योजनसुद्धा आपल्या किलोमीटरच्या पट्टीवर एका ठिकाणी बसत नाही. याचा अर्थ भास्कराचार्य चुकले असा नव्हे. ‘योजन’ हा शब्द म्हणजे प्लॅटिनमची कांडी नव्हे, एवढाच. देशोदेशी, शास्त्राशास्त्रांत तो बदलत होता आणि तो वापरणाऱ्यांना ते ठाऊक होते.

ठाऊक होते याचा पुरावा लीलावतीच्या आरंभीच आहे. परिभाषेच्या प्रकरणात भास्कराचार्य आठ यवांचे अंगुळ, चोवीस अंगुळांचा हात अशी मापे देतात. धान्याच्या मापांकडे येतात तेव्हा एक हात लांब, एक हात रुंद, एक हात खोल अशा मापाला खारी म्हणतात आणि ती मगधातली खारी असे स्वच्छ सांगतात. दुसऱ्या प्रांतात दुसरी असेल हे त्यात गृहीतच. आणि काळाची वगैरे उरलेली परिभाषा? ती लोकांत प्रसिद्ध आहे, तिकडून जाणून घ्या, असे म्हणून ते मोकळे होतात. बाराव्या शतकातला सर्वांत मोठा गणिती विद्यार्थ्याला बाजारात आणि अंगणात पाठवतो. आपण बाजार आणि अंगण सोडून आकाशगंगेचे चित्र पाठवतो.

जाता जाता: लीलावतीच्या काही छापील आवृत्त्यांत आलमगीर बादशहाच्या नावाचा शेरही सापडतो. ११५० च्या ग्रंथात औरंगजेब कसा आला? कोणा व्यवहारी नकलकाराने आपल्या काळचे माप मध्ये घुसवले. ‘ग्रंथात लिहिले आहे’ म्हणून वाद मिटवणाऱ्यांनी हा श्लोक जरूर पाहावा. आणि ती प्रसिद्ध गोष्ट, लीलावतीच्या लग्नात घटिकापात्रात मोती पडला, छिद्र बुजले, मुहूर्त टळला? ती भास्कराचार्यांच्या ग्रंथात नाही. अकबराच्या दरबारातील फैजीने १५८७ मध्ये लीलावतीचा फारसी अनुवाद केला, तिथून ती प्रसार पावली.

घटिकापात्राचा विषय निघालाच आहे तर थोडे थांबू, कारण माझ्या मते साऱ्या वादाचे उत्तर त्या तांब्याच्या वाटीत आहे. आपल्यापैकी कित्येकांच्या आजी-आजोबांच्या लग्नात घंगाळात पाणी भरून त्यावर ही वाटी सोडली असेल. तळाला बारीक छिद्र. पाणी हळूहळू आत येते, वाटी बुडते, एक घटिका झाली. ‘घटका भरली’ हा वाक्प्रचार तिथलाच. जुन्या ग्रंथांत या वाटीचे मोठे कडक वर्णन असते: दहा पळे वजनाचे तांबे, सहा अंगुळे उंची, आणि छिद्र पाडायला अमुक वजनाच्या सोन्याची चार अंगुळे लांब सळई.

भास्कराचार्यांनी हे सगळे वर्णन युक्तिशून्य आणि करायला अवघड म्हणून बाजूला सारले. त्यांचे म्हणणे असे: कोणतीही छिद्र असलेली वाटी घ्या. दिवस-रात्रीत ती किती वेळा बुडते ते मोजा. त्या संख्येने अहोरात्राला भागा. जे येईल ते त्या वाटीचे माप. झाले.

यातील धीटपणा लक्षात घ्या. परंपरा सांगते की वाटी शास्त्रोक्त असेल तर वेळ बरोबर. हा माणूस सांगतो की वाटी तुझी कशीही असो, तिला सूर्याशी ताडून पाहा. माप पवित्र वस्तूत नसते, ताडून पाहण्यात असते. आज प्रयोगशाळेत उपकरण वापरण्याआधी जे करतात ते नेमके हेच. पण हे चित्रावर कोणी लिहीत नाही, कारण यात ‘जगाच्या आधी’ असे काही ओरडता येत नाही.

आता आमच्या जिल्ह्यात या. चाळीसगावजवळ गौताळ्याच्या डोंगरकुशीत पाटणादेवी. नवरात्रात तिथे जाणाऱ्यांपैकी फार थोड्यांना माहीत असते की इथला एक शिलालेख मराठी भाषेच्या आणि भारतीय गणिताच्या, दोन्ही इतिहासांत महत्त्वाचा आहे. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो एकोणिसाव्या शतकात अभ्यासकांपुढे आणला. यादवांचे मांडलिक असलेल्या निकुंभ वंशातील सोइदेवाने भास्कराचार्यांचे नातू चांगदेव यांना मठासाठी दान दिले; हेतू हा की त्या मठात भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवले जावेत. चांगदेव सिंघण यादवाच्या दरबारचे ज्योतिषी. (भास्कराचार्यांचे विज्जडविड नेमके कोठले यावर वाद आहे. मी खानदेशची असल्याने माझे मत विचारू नका.)

तारीख शके ११२८, प्रभव संवत्सर, श्रावणी पौर्णिमा, चंद्रग्रहण. शकाच्या आकड्यात ७८ मिळवले तर १२०६ येते. पण प्रभव संवत्सर आणि ग्रहण यांचा मेळ पाहून अभ्यासक तो दिवस ९ ऑगस्ट १२०७ मानतात. काळ तीन-तीन प्रकारांनी नोंदवायचा, म्हणजे एक चुकला तर दुसरा सावरतो, ही त्या कोरणाऱ्यांची सवय आज आपल्याला उपयोगी पडते.

लेखाचा मुख्य भाग संस्कृतात. शेवटच्या ओळी मात्र जुन्या मराठीत, कारण तिथे पैशाचा आणि तेलाचा प्रश्न आहे. जितके तेलाचे घाणे, तितक्यांकडून मठाला पळी पळी तेल. आणि मग ते वाक्य, ज्यासाठी मी हा धागा लिहिते आहे. त्याचा आशय असा की पाटणात जे काही मापायचे ते मठाच्या मापाने मापावे. मापण्याबद्दल जी आकारणी होईल तिचा अर्धा भाग मठाचा, अर्धा मापहारीचा, म्हणजे माप धरून मोजणाऱ्याचा.

पुन्हा वाचा. भारतातील सर्वश्रेष्ठ गणितीच्या नातवाला गावातील मापाचा अधिकार मिळाला आहे. बाजारात धान्य घेऊन येणाऱ्या शेतकऱ्याने कोणाचे माप खरे मानायचे, हे दगडावर कोरून सांगितले आहे. हे विश्वासाचे माप आहे आणि त्याच वेळी उत्पन्नाचे साधनही. मठाने माप चोख ठेवले असेल, असे मला वाटते. पण माप ज्याच्या हाती त्याच्या पदरात अर्धी आकारणी, हेही तिथेच कोरले आहे. प्राचीन मोजमापाचा खरा प्रश्न हा आहे: माप कोणाच्या हाती?

हा प्रश्न जुना आहे. अर्थशास्त्रात द्रोण नावाचे एकच माप चार आकारांचे आहे. राजाच्या उत्पन्नाचे धान्य घेताना २०० पळांचा द्रोण, बाजारातील व्यवहाराला १८७½, राजाकडून वाटप करताना १७५ आणि अंतःपुरासाठी १६२½. नाव तेच, घेताना मोठा, देताना लहान. मापांवर दर चार महिन्यांनी शिक्का मारून घ्यायचा आणि बिनशिक्क्याचे माप वापरले तर २७¼ पण दंड, हेही त्यातच. माझे आजोबा कापूस आणि दादर विकायला जात, त्या काळच्या व्यापाऱ्यांविषयी ते सांगत की काहींकडे घ्यायची पायली वेगळी आणि द्यायची वेगळी. मी अर्थशास्त्रातले ते चार द्रोण त्यांना वाचून दाखवले, तेव्हा ते एवढेच म्हणाले, ‘म्हणजे आधीपासूनच.’

जगात इतरत्रही हेच चित्र. इजिप्तमध्ये साधा हात चोवीस बोटांचा आणि राजाचा हात अठ्ठावीस बोटांचा, सुमारे ५२ सेंटिमीटर. आपला हातही चोवीस अंगुळांचा आहे, यावरून ‘त्यांनी आमच्याकडून घेतले’ असा निष्कर्ष काढू नका. माणसाचा हात नाईलकाठी आणि तापीकाठी सारखाच असतो. साठाची गणना बाबिलोनची म्हणून प्रसिद्ध. कर्नाकचे पाण्याचे घड्याळ तिसऱ्या आमेनहोतेपच्या काळचे, इ. स. पूर्व चौदाव्या शतकातले. लोथलची हस्तिदंती पट्टी या सर्वांहून मला प्रिय: तुटका तुकडा, ४६ मिलिमीटरांत २७ रेघा, म्हणजे दोन रेघांत सुमारे १.७ मिलिमीटर. तिच्यासोबत कोणताही श्लोक नाही. कोणा कारागिराला तेवढी बारीक रेघ लागत होती, एवढेच ती सांगते आणि ते पुरेसे आहे.

आता दुसऱ्या बाजूच्या मित्रांकडे वळते. ‘इंग्रज आले, त्यांनी आम्हाला नीट मोजायला शिकवले’ असे म्हणणाऱ्यांनी खानदेशचे १८५२ साल वाचावे. महसुलासाठी जमिनीची नवी मोजणी सुरू झाली तेव्हा सावदा, फैजपूर, एरंडोल या भागांत हजारोंनी लोक जमले, मोजणी थांबवा म्हणाले. सरकारने सैन्य आणले, धरपकड केली. ही माणसे साखळीला घाबरणारी अडाणी होती काय? ती शेकडो वर्षे बिघ्यात जमीन मोजत आली होती. नवी साखळी म्हणजे नवा सारा, हे त्यांनी अचूक ओळखले होते. ३३ फुटांची ती साखळी, तिचे सोळा आणे. साखळी गुणिले साखळी म्हणजे १,०८९ चौरस फूट, तोच आपला गुंठा. आज सातबाऱ्यावर हेक्टर-आर लिहितात, भावाभावांत वाटणी मात्र गुंठ्यात होते. पाटणच्या मठाचे माप, कौटिल्याचा द्रोण आणि कंपनी सरकारची साखळी यांना एका ओळीत ठेवून पाहिले, तर ‘आपले’ आणि ‘परके’ या भांडणापेक्षा वेगळे काहीतरी दिसू लागते.

आणि या काळात आपण काय हरवत आहोत? १९५६ च्या कायद्याने किलो-लिटर आले, ते योग्यच झाले. पण शेर, अधोली, पायली, मण, खंडी ही मापे वापरलेली शेवटची पिढी आता ऐंशीच्या पुढे आहे. चार शेरांची पायली सगळीकडे ऐकू येते. मण किती पायल्यांचा, हे विचारले की बारा म्हणणारे आहेत आणि सोळा म्हणणारेही. आपल्या गावी कोणता, हे किती जणांनी विचारून ठेवले आहे? त्रुटी अमूर्त होती, ती कोठे जाणार नाही. पायली मूर्त आहे आणि ती भंगारात चालली आहे.

टीका पुष्कळ झाली. आता एक काम. बारा सारखे भाग पाडलेली एक सरळ काठी घ्या. ज्योतिषात तिला द्वादशांगुल शंकू म्हणतात. अंगुळ कोणाच्या बोटाचे, हा प्रश्नच इथे येत नाही, कारण सावलीही त्याच भागांत मोजायची असते. केवळ गुणोत्तर हवे. विषुवदिनी, २१ मार्चच्या किंवा २३ सप्टेंबरच्या सुमारास, ती सपाट जागी उभी करा आणि दुपारी सावली सर्वांत आखूड होईल तेव्हा मोजा. ही त्या गावाची पलभा. तीवरून अक्षांश निघतो. चोपड्यात ती साधारण ४ अंगुळे आणि वर दोन-तृतीयांश यायला हवी, मुंबईला ४ हून किंचित अधिक. घड्याळात तेव्हा बारा वाजलेले नसतील हे ध्यानात ठेवा: आपली प्रमाणवेळ ८२½ अंश रेखांशाची, चोपडे ७५ अंशांच्या थोडे पुढे, तेव्हा आमचा सूर्य जवळजवळ सवा घटिका मागे चालतो. साडेबाराच्या आधीपासून दर पाच मिनिटांनी खूण करत राहा. आलेला आकडा गावाच्या नावासह या धाग्याखाली लिहा, आणि घरात कोणी ऐंशीच्या पुढचे असेल तर मण किती पायल्यांचा तेही.